आठ फ्रेम उशिरा

मला तिचा हेवा वाटायला लागला तो तिच्या कामाच्या पहिल्याच दिवशी, सकाळी साडेअकराच्या सुमारास. वेळ इतकी नेमकी सांगता येते, कारण अकरा वाजेपर्यंत मी तिच्यावर खूश होते. तिशीला आलेली, नीटनेटकी, आधी जाहिरातींच्या एका कंपनीत काम केलेली. मुलाखतीत भरमसाट बोलली नव्हती, म्हणून मीच तिला निवडलं होतं. तिचं घराणं कित्येक पिढ्यांपासून बेंगळुरूतलं. मराठी घरची, पण बोलताना अर्धी कन्नडमध्ये. पहिल्या चहालाच तिने मला 'अक्का' म्हणून टाकलं. मी पुण्याची, 'मॅडम' नाही तर गेला बाजार 'ताई' तरी म्हणेल असं वाटलं होतं, पण अक्काही वाईट वाटलं नाही.

त्या दिवशी माझ्यापुढे एका मालिकेतला प्रसंग होता. वडिलांचं तेरावं झाल्यावर दोन भाऊ समोरासमोर बसून जेवतात आणि एकमेकांशी बोलत नाहीत, एवढाच. त्यासाठी चार दिवस खपून मी पाच गाणी काढली होती. तिला म्हटलं, "यातलं कुठलं लावशील, सांग बघू." तिने प्रसंग एकदा आवाज बंद करून पाहिला, एकदा आवाज लावून पाहिला. गाण्यांना हातही लावला नाही.

"अक्का, इथे गाणं बेडा, नकोच," ती म्हणाली. "भात कालवल्याचा आवाज येतोय ना, तेवढा स्वल्प वाढवला की पुरे."

मी हसले आणि पाचही गाणी दिग्दर्शकाकडे पाठवून दिली. दोन दिवसांनी ती पाचही परत आली. काहीतरी जास्त होतंय, असं त्याचं म्हणणं. तेव्हा मी सुचवलं की गाणं नकोच, भात कालवल्याचा आवाज थोडा वाढवू. माझी सूचना म्हणून सुचवलं. त्याला ती फार आवडली.

मी काय काम करते हे आमच्या सोसायटीत अजून कुणाला धड कळलेलं नाही. सासूबाईंनी सगळ्या नातेवाइकांत 'सून सिनेमाला संगीत देते' असं सांगून ठेवलंय, त्यामुळे प्रत्येक लग्नात मला मंगलाष्टकं म्हणायचा आग्रह होतो. मी संगीत देत नाही आणि गाणं तर मला अजिबात येत नाही. मी म्युझिक सुपरवायझर आहे. सिनेमात किंवा मालिकेत कुठल्या जागी कुठलं गाणं वाजवायचं, ते कुठे सुरू करायचं, कुठे सोडायचं हे मी ठरवते, आणि ज्याचं ते गाणं असेल त्याच्याकडून वापरायची लेखी परवानगी आणते. अर्धं काम कानाचं, अर्धं कागदाचं. कागदाच्या कामात मला कुणी हरवू शकत नाही. कानाच्या कामातही हरवू शकत नाही असं मी वीसेक वर्षं समजत होते.

माझ्याकडे एकवीस वह्या आहेत. ऐकलेलं प्रत्येक गाणं, त्याचा वेग, त्यातली वाद्यं, ते कुठल्या प्रसंगाला चालेल, सगळं लिहिलेलं. रुसव्याची गाणी वेगळी, रुसवा निघाल्यावरची वेगळी. ती यातलं काहीच करायची नाही. केळं खाता खाता पडद्याकडे पाहायची आणि म्हणायची, "अक्का, हे त्या बाईच्या डोक्यातलं गाणं नाही, शेजारच्या घरातून येतंय तसं लावा." आणि ते बरोबर असायचं. माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा. एखादीने घाम गाळून मिळवलं असतं तर मी मानलं असतं. हिला ते आयतं मिळालं होतं, आणि आपल्याला काही मिळालंय याची तिला खबरही नव्हती.

भरीत भर म्हणजे हे शहरही तिचंच होतं. मारतहळ्ळीत राहून मला बारा वर्षं झाली, पण माझं कन्नड 'स्वल्प' म्हणजे थोडं आणि 'सरी' म्हणजे बरं, याच्या पुढे सरकलेलं नाही. गाण्याच्या मालकाला मी फोन केला की आधी वकिलाचं उत्तर यायचं. ती स्वतः जाऊन थडकली की तिला कॉफी मिळायची, घरचा चिवडा मिळायचा, आणि सहीसुद्धा. परत आल्यावर ती कागद माझ्या टेबलावर ठेवायची आणि सोबत चिवड्याची पुडीही. चिवडा चांगला असायचा, याचाही मला राग यायचा.

मी तिला पाण्यात पाहायला लागले. तिची बस चुकली की मी घड्याळाकडे बघायची. ती पीण्याजवळ, कारखान्यांच्या वस्तीत राहायची, तिथून मारतहळ्ळी म्हणजे शहराचं दुसरं टोक, उशीर होणारच, हे मला कळत होतं. तरी बघायची. तिच्या मराठीतले कन्नड शब्द मी चारचौघांत दुरुस्त करायची. ती मनापासून म्हणायची, "सरी अक्का, बरं झालं सांगितलंत." घरी मी नवऱ्याजवळ तिच्या नावाने बोटं मोडली तेव्हा तो म्हणाला, "अगं, तूच निवडलीस ना तिला? मग कौतुक तुझ्याच निवडीचं होतंय." त्यानंतर दोन दिवस मी त्याच्याशी कामापुरतंच बोलले.

मग ती मालिका आली. पीण्यातला छोटा कारखाना चालवणाऱ्या एका बाईची गोष्ट होती. नवऱ्यामागे तिने वीस वर्षं तो चालवला, आणि शेवटच्या भागात तो बंद होतो. कामगार निघून गेलेत. ती एकटी शेवटचं लेथ मशीन बंद करते आणि स्टुलावर बसते. संवाद नाही, काही नाही. सगळ्या मालिकेचा भार त्या एका मिनिटावर होता, आणि तिथे एक गाणं हवं होतं.

मी तीन आठवडे शोधत होते. शेवटी एक सापडलं, सारंगीचं, भरीव, कुणाच्याही डोळ्यांत पाणी आणेल असं. तिने काय शोधलं? एक दिवस सुट्टी घेऊन ती बसने शहराबाहेर, देवनहळ्ळीला गेली. तिथे संगीताच्या एक निवृत्त शिक्षिका राहतात. त्यांच्याकडून त्यांनीच रचलेलं एक गाणं फोनवर रेकॉर्ड करून घेऊन आली. साथीला नुसती तंबोरी. आवाज थकलेला, पण सुराला पक्का. गाण्याच्या आधी बाईंनी श्वास घेतलेला स्पष्ट ऐकू येत होता. परवानगीत तरी अडकेल म्हणून मी विचारलं, तर तिने पिशवीतून सही केलेला कागद काढून दिला. नमुना माझाच होता, एकही रकाना चुकला नव्हता.

ते गाणं तिने जिथे लावलं ती जागा मी जन्मात शोधू शकले नसते. बाई मशीनचं बटण बंद करते. मी असते तर बटणाबरोबर गाणं सुरू केलं असतं, शंभरातले नव्व्याण्णव जण तेच करतील. ती म्हणाली, "बटण दाबलं म्हणून लेथ लगेच थांबत नाही, अक्का. फिरत राहतं. माझे अप्पा चाळीस वर्षं लेथवर होते. ते थांबेपर्यंत माणूस हलत नाही." पडद्यावर खरंच तसं होतं, मी ते पाहिलंच नव्हतं. मशीनची घरघर बारीक होत जाते, थांबते, आणि त्या क्षणी बाईचे खांदे खाली येतात. बरोबर तिथे तिने गाण्यातला तो श्वास ठेवला होता. पडद्यावरची बाई श्वास सोडते आणि गाणारी बाई श्वास घेते. माझ्या अंगावर काटा आला. पाठोपाठ पोटात दुखायला लागलं.

दिग्दर्शकाला दोन्ही गाणी दाखवायची ठरली, एकामागून एक. आदल्या दिवशी त्याचा मला फोन आला. बाकीचं बोलून झाल्यावर म्हणाला, "वो क्या कहती है, उससे पूछा?" माझ्याशी बोलताना तो तिचं मत विचारत होता. मग म्हणाला, तिचं गाणं राहिलं तर श्रेयनामावलीत तिचं नाव तुमच्या नावाशेजारी टाकू, सहायकांच्या यादीत नको. मी म्हटलं, हो, अगदी. तिलाही मीच सांगितलं, हसतमुखाने. तिने लगेच आईला फोन लावला. कन्नडमध्ये काय बोलली ते सगळं कळलं नाही, पण आवाज मला आजही ऐकू येतो.

दुसऱ्या दिवशी दुपारी तीनला दिग्दर्शक येणार होता. एक वाजता ती जेवायला बाहेर पडली. मी डबा उघडून कॉम्प्युटरपुढे बसले होते. पडद्यावर तिच्या गाण्याची हिरवी पट्टी दिसत होती.

पडद्यावर एका सेकंदात चोवीस चित्रं जातात, त्यांना आम्ही फ्रेम म्हणतो. मी ती पट्टी निवडली आणि बाणाची कळ आठ वेळा दाबली. आठ फ्रेम म्हणजे सेकंदाचा तिसरा भाग. चार फ्रेमनी काही बिघडलं नसतं, आणि बारा सरकवल्या असत्या तर तिला लगेच कळलं असतं. आठ हा आकडा मला कुणी शिकवला नव्हता. वीस वर्षांच्या अनुभवातून तो आपोआप बोटांत आला. त्या कामात मी खरी तरबेज होते, हे त्या दिवशी मला कळलं. मग मी डबा खाल्ला. कोबीची भाजी होती.

तीन वाजता आम्ही बाजूच्या खोलीत मोठ्या पडद्यावर पाहिलं. आधी तिचं. मशीन थांबलं, बाईचे खांदे खाली आले, काहीच झालं नाही, आणि मग श्वास ऐकू आला. बस, एवढंच. पण आता कुणीतरी कॅसेट लावल्यासारखं वाटत होतं. ती खुर्चीत थोडी पुढे सरकली. मी तिच्याकडे पाहिलं नाही. मग माझी सारंगी वाजली, जागच्या जागी.

दिग्दर्शक म्हणाला, "पहला गाना ज़्यादा अच्छा है. पर बैठ नहीं रहा." त्याने कारण शोधायचा प्रयत्न केला, पुन्हा एकदा लावायला सांगितलं, पुन्हा मान हलवली. "आप का ही रखते हैं." तो तिलाही दोन चांगले शब्द बोलला. ती हसून 'ओके सर' म्हणाली.

तो चहा पीत होता तेवढ्यात मी माझ्या खोलीत जाऊन पट्टी आठ फ्रेम अलीकडे आणून ठेवली. चोरी पकडली जाऊ नये एवढाच हेतू होता. त्यातून पुढे काय होईल हे माझ्या डोक्यातही आलं नाही.

तो गेल्यावर ती माझ्या कॉम्प्युटरवर येऊन बसली. तिने प्रसंग लावला. एकदा, दोनदा, पाच वेळा. मी पाठीमागे कागद चाळत उभी होते. शेवटी ती वळली. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता, दुःखही नव्हतं. ती गोंधळून गेली होती.

"अक्का, तिकडे सगळ्यांबरोबर पाहिलं तेव्हा मलापण उशिरा वाटलं. इथे एकटीने पाहिलं तर बरोबर वाटतंय. एकच गाणं, एकच जागा. म्हणजे एकटी असताना माझा कान मला फसवतो, नाही?"

सांगायची वेळ तीच होती. खरं ओठांवर आलंही होतं, पण मी म्हटलं, "होतं गं असं. आपण आपल्याच निवडीच्या प्रेमात पडतो. मग नीट ऐकू येत नाही."

"सरी," ती म्हणाली. मग तिने देवनहळ्ळीला फोन करून त्या शिक्षिकाबाईंना सांगितलं की गाणं घेतलं नाही, चूक माझी आहे, मी ते नीट लावलं नाही.

मालिका आली, गाजली. शेवटच्या प्रसंगातल्या सारंगीबद्दल लोक भरभरून बोलले. मी मान खाली घालून ते स्वीकारलं, आणि लोकांना तो विनय वाटला.

पुढच्या कामापासून ती बदलली. आधी मला वाटलं, एखादी चूक असेल. मग लक्षात आलं की ती प्रत्येक गाणं थोडं आधी सुरू करतेय. दार उघडण्याआधी, माणूस वळण्याआधी, रडू फुटण्याआधी. स्वतःला बरोबर वाटेल तिथून ती गाणं मुद्दाम अलीकडे ओढत होती. तिने हिशेब केला होता: एकटीला बरोबर वाटतं ते लोकांना उशिरा वाटतं, तर आपण आधीच यावं. लोकांनी नाकं मुरडायला सुरुवात केली. 'घाई करते' असं बोललं जाऊ लागलं. ती केळं खात पडद्याकडे पाहायचं सोडून माझ्यासारख्या वह्या करायला लागली. आणि प्रत्येक गाणं लावून झालं की मला विचारायला यायची, "अक्का, बरोबर आहे ना?"

मी तपासून द्यायची. दोन ठिकाणी सरकवून द्यायची. खोटं कशाला बोलू, मला ते फार आवडायचं. ज्या कानाचा मला हेवा वाटायचा तो कान रोज माझ्या टेबलाशी येऊन परवानगी मागायचा. दोन वर्षं मी त्या सुखात काढली. तरीही हेवा गेला नव्हता. तिचा खरा कान आत कुठेतरी शाबूत आहे, एक दिवस तो परत येईल आणि मला मागे टाकेल, अशी धास्ती होतीच. ती चुकत असतानाही मला तिचा हेवा वाटत होता. ही गोष्ट मी नवऱ्यालाही सांगितलेली नाही.

गेल्या महिन्यात तिने काम सोडत असल्याचं सांगितलं. रिंग रोडवरच्या एका कंपनीत तिला नोकरी मिळाली होती. ध्यानाला बसणाऱ्यांसाठी ॲप चालवणारी कंपनी, तिथे त्यांच्यासाठी मंद संगीत निवडायचं. "तिथे चित्र नसतं, अक्का," ती म्हणाली. "कुठे सुरू करायचं हा प्रश्नच नाही. मला तेच झेपेल."

तेव्हा मात्र मला राहवलं नाही. मी तिला बस म्हटलं आणि आडपडदा न ठेवता सांगितलं. "त्या दिवशी तू जेवायला गेलीस तेव्हा तुझं गाणं मी आठ फ्रेम उशिरा सरकवलं. दिग्दर्शक गेला नव्हता तोवर परत जागेवर आणलं. मला तुझा हेवा वाटत होता. तुझा कान चुकला नव्हता, कधीच चुकला नव्हता."

ती ओरडेल, रडेल, उठून जाईल, असं काही तरी होईल म्हणून मी थांबले. तिने माझ्या हातावर हात ठेवला.

"मी चालले म्हणून असलं काही सांगू नका, अक्का. मला बरं वाटावं म्हणून तुम्ही सगळं स्वतःवर घेताय. तुमचं मन मोठं आहे, ते मला माहीत आहे."

"अगं, खरं सांगतेय मी. शपथ."

"सरी, सरी," ती म्हणाली, आजारी माणसाची समजूत काढावी तसं.

मी उठले. जुन्या डिस्कवरून ती मालिका काढली, शेवटचा प्रसंग उघडला. तिच्या गाण्याची पट्टी तिने ठेवली होती तिथेच होती. तिला शेजारी बसवलं आणि लावलं. बाईने बटण दाबलं. मशीन फिरत राहिलं, मंदावलं, थांबलं. खांदे खाली आले, आणि तो श्वास. दोन वर्षांनीही माझ्या अंगावर काटा आला.

"बघितलंस? हे तू केलं होतंस."

ती पडद्याकडे पाहत होती. कपाळाला आठी होती. "स्वल्प थांबा, अक्का," म्हणत तिने माझ्या हातातून माउस घेतला, पट्टी पकडली आणि अलीकडे ओढली. पुन्हा लावलं. मशीन अजून फिरतच होतं, आणि गाणाऱ्या बाईंचा श्वास त्या घरघरीत कुठे गेला ते कळलंही नाही.

"आता बसलं," ती म्हणाली. मग तिचीच खात्री होईना, तशी माझ्याकडे वळली. "बसलं ना, अक्का?"

मी तिच्याकडे पाहिलं. ती आल्यापासून पहिल्यांदाच मला तिचा हेवा वाटत नव्हता.